माझं एक मत

प्रिय चंद्रा,

फोनच करणार होतो. पण तुझा फोन आधी तुझी पीए नमिता उचलते, मग तू "बोल, दोनच मिनिटं हायत" म्हणतेस आणि मागून कोणीतरी "मॅडम, चला" म्हणतं. मला जे सांगायचंय ते दोन मिनिटांत मावणारं नाही. नमिता रविवारची घरी आलीय, उद्या परत मुंबईला निघेल. तिच्या हाती हे पाकीट चिकटवून देतोय. तुझं आमदारकीचं शेवटचं अधिवेशन, धावपळ असेल. तरी एकटी असशील तेव्हाच वाच.

आधी आनंदाची बातमी. काल अमावास्येचं, लावणीनंतरचं पहिलं मोठं उधाण होतं, साडेबाराची भरती. मी कंपनीत रजाच टाकली होती. अकरा वाजल्यापासून सगळा गाव छत्र्या घेऊन नव्या बांधावर. खाडी फुगत होती. बारा वर्षांपूर्वी याच जागी जुना बांध फुटून खांड पडली, खारं पाणी शेतात शिरलं आणि बघता बघता आपली भाताची खारजमीन निवटे मासे पकडायची जागा झाली, हे सगळ्यांच्याच डोळ्यांसमोर होतं. शेजारच्या गणेशने पाण्यात काठी रोवली होती. ती बुडत बुडत वीतभर उरली. मग बराच वेळ तेवढीच राहिली. आणि विमलबाई ओरडली, "परतला गो बायांनो, दर्या परतला!" काय सांगू, चंद्रा! बायकांनी तिथेच चिखलात फेर धरला. मलाही ओढलं. गेल्या वर्षीच्या पावसाने मीठ धुतलं, यंदा लावणी झाली, आणि आमच्या पाठीमागे रोपं हिरवीगार डुलत होती. आपल्या लेकीने, मनस्वीने, कधी आपल्या शेतात भात पाहिलंच नव्हतं. तिने इतके फोटो काढले की फोन बंद पडला.

तू नव्हतीस. तू तिकडे नागोठण्याच्या पुराच्या प्रश्नावर बोलत होतीस, ते आम्ही बांधावरच गणेशच्या मोबाइलवर पाहिलं. आता सराईतासारखी बोलतेस. तुझं पहिलं भाषण आठवतं का? दोन मिनिटं दिली होती. तू खांडीपर्यंत पोचलीस आणि घंटा वाजली. तू थांबली नाहीस. पुन्हा वाजली. तेव्हा तू म्हणालीस, "अध्यक्ष महोदय, भरती आमच्या शेतात शिरते तेव्हा कोणी घंटा वाजवत नाय." सगळं सभागृह हसलं, अध्यक्षही हसले आणि तुला आणखी तीन मिनिटं मिळाली. दुसऱ्या दिवशी पेपरात तुझं 'नाय' सुधारून 'नाही' छापलं होतं. मी त्या पेपरावर पेनाने पुन्हा 'नाय' केलं. ते मी तुला कधी दाखवलं नाही. का, ते सांगतो पुढे.

इकडे या पाच वर्षांत मीही अर्धा आमदार झालो. सकाळी दार उघडायच्या आत ओट्यावर माणसं. कोणाची बदली, कोणाचा दाखला, गागोद्याकडच्या कोणाला विजेचा खांब. मी सगळं लिहून घेतो, चहा देतो आणि मग रोह्याची बस पकडतो. कंपनीत सगळे मला 'आमदारीणबाईंचे मालक' म्हणतात. सुरुवातीला झोंबायचं. आता मीच नव्या माणसाला तशी ओळख करून देतो. विमलबाई तर तिच्या वाडीच्या पाण्यासाठी आठ महिने दर सोमवारी यायची. नळ आला, तरी सोमवारी येतेच. "काम काय?" विचारलं तर म्हणाली, "काम नाय रे जगन, सवय लागली."

हे दिवस येतील असं तू अर्ज भरलास तेव्हा मला स्वप्नातही वाटलं नव्हतं. खांड बुजवायला बायका घेऊन चिखलात उतरणारी तू, एकदम अपक्ष म्हणून उभी राहिलीस. मिठाच्या टेम्पोत उभी राहून पेणपासून रोह्यापर्यंत फिरलीस. मी शिफ्टचं कारण सांगून एकाही सभेला आलो नाही. तू एकदाही विचारलं नाहीस. उलट लोकांना सांगायचीस, "घर जगन सांभाळतो म्हणून मी बाहेर हाय." ते ऐकलं की मला घरातून बाहेर पडावंसं वाटायचं.

मतमोजणीचा दिवस तर मी जन्मात विसरणार नाही. शेवटच्या दोन फेऱ्या राहिल्या आणि तू चाळीस मतांनी मागे. मी मांडवाच्या खांबाला धरून बसलो. शेजारच्या अनितावहिनींनी पाणी दिलं आणि सगळ्यांना म्हणाल्या, "बघा, बायकोसाठी जीव कसा तुटतो." तू एकशे सत्त्याऐंशी मतांनी निवडून आलीस तेव्हा मी हमसून हमसून रडलो. लोकांना वाटलं, आनंदाने. तू गळ्यातला हार काढून माझ्या गळ्यात घातलास आणि सगळ्यांसमोर म्हणालीस, "यातलं पहिलं मत याचं." त्यानंतर प्रत्येक सत्काराला तू हे वाक्य म्हणत आलीस आणि मी मान खाली घालत आलो. लोक म्हणायचे, किती लाजतो.

चंद्रा, ते मत मी तुला दिलं नव्हतं. तुझ्या नावाखालचं बटण दाबलं. तुला ठाऊक आहे, चिठ्ठी सात सेकंद काचेत दिसते. त्या सात सेकंदांत दुसऱ्याचं नाव वाचत मी उभा होतो आणि ते नाव काही केल्या खाली पडेना. बाहेर तू माझी वाट बघत उभी होतीस, शाईचं बोट दाखवत हसलीस, मीही हसलो. त्या माणसाचं मला काही कौतुक नव्हतं. भीती होती. तू मोठी होशील, मला मागे टाकशील, गाव हसेल, आणि रोज जेवताना समोर बसणारी बायको मला फक्त बातम्यांत दिसेल. तू हरून घरी यावंस असं मला वाटलं होतं, इतका मी लहान झालो होतो. चाळीस मतांनी मागे होतीस तेव्हा कळलं मी काय करून बसलोय. पाच वर्षं सांगायला तोंड उघडत होतो. पण तू थकून यायचीस आणि आल्या आल्या मनस्वीच्या आधी मला विचारायचीस, "जेवलास?" मग माझा धीर व्हायचा नाही. गेल्या रविवारी तू म्हणालीस, "पुन्हा उभी राहू की नको? तू नको म्हणालास तर नाय राहणार." मी उठून बाहेर गेलो. तुला वाटलं, मला नकोय, मी कंटाळलो. नमिता सांगत होती की तू तिला अर्ज आणू नकोस म्हणालीस. म्हणून आज लिहितोय. हे आधी सांगितल्याशिवाय तुला काही सांगायचा हक्क मला नाही. रागव, चार दिवस बोलू नकोस, तेवढं माझं चुकलंच आहे. पण उभी राहा. यंदा टेम्पोत मी तुझ्या शेजारी असेन, शिफ्ट गेली खड्ड्यात. आणि एकशे सत्त्याऐंशीत एक मत वाढलेलं आहे, असं समजूनच सुरुवात कर.

तुझाच, या वेळी अगदी खरोखर तुझाच,
जगन