ओठ न मिटता म्हणायची ओळ

३ मार्च
धर्मयुद्धांवरचा तो अवाढव्य सिनेमा गळ्यात पडला! तीन तास घोडे, तलवारी, जेरुसलेमचा वेढा — आणि डबिंगसाठी आपल्या भाषेतले संवाद लिहायचे मी. आप्पा खूश. तीस वर्षं शाळेत इतिहास शिकवलेले वडील म्हणजे घरचाच सल्लागार.

५ मार्च
सल्लागार कसला, डोक्याला ताप! नायक म्हणतो, "मला धर्म नाही, माणुसकी आहे." आप्पांनी कप आपटला. "नऊशे वर्षांपूर्वीचा सरदार असं बोलेल? हा तर कालच्या पेपरातला अग्रलेख!" मग हळू आवाजात, "अगं, ती माणसं खरंच देव मानत होती. त्याच्यासाठी घरदार सोडलं, त्याच्याच नावाने कत्तली केल्या. श्रद्धाच गाळली तर उरते नुसती मारामारी."
पटतं. पण ओठ हलतात तेवढ्यातच वाक्य बसवायचं असतं, हे त्यांना कोण सांगणार!

६ मार्च
वाक्य तेच ठेवलं. आप्पांचा अबोला. जेवले मात्र पोटभर.

९ मार्च
अडले. सुलतानाच्या फौजेतला म्हातारा शिपाई मरताना काहीतरी म्हणतो. संहितेत ओळच नाही, आवाज गलक्यात बुडालेला. चेहरा अगदी जवळून दिसतो, पण ओठ एकदाही मिटत नाहीत — म्हणजे प नाही, ब नाही, म नाही. रेकॉर्डिस्ट म्हणाला, "नुसतं कण्हणं टाका, मॅडम. कोण ऐकतंय!"
आप्पांना सांगितलं तर भडकलेच. "मरणारा माणूस उगाच काहीतरी म्हणत नसतो!" दोन येरझाऱ्या घातल्या. मग खिडकीकडे तोंड करून — "धाकटीच्या नवऱ्याला विचार. त्याच्याच धर्माचा शिपाई आहे."
नऊ वर्षांनी! माझ्या बहिणीच्या लग्नाला गेले नाहीत, त्यानंतर तिचं नावही काढलं नाही.

१० मार्च
धाकटीच्या नवऱ्याला फोन लावून स्पीकरवर ठेवला. प्रसंग ऐकून तो लगेच म्हणाला, "कलमा असणार, ताई. 'ला इलाह इल्लल्लाह' — देव एकच, एवढंच. ती ओळ म्हणताना ओठ मिटावे लागत नाहीत. अंगात त्राण नसलं तरी म्हणता येते." मग, "आमचे आजोबा तसेच गेले. आवाज नव्हता, पण आम्हाला कळलं."
आप्पा दारात उभे. चष्मा पुसत होते, पुसतच होते. "छान समजावतो," एवढंच म्हणाले. मास्तरांकडून याहून मोठं सर्टिफिकेट नाही!

१२ मार्च
ओळ बसली. हुबेहूब! रेकॉर्डिस्टने ती दोनदा लावून ऐकली.

१३ मार्च
सकाळी आप्पांची खोली रिकामी. टेबलावर चिठ्ठी —
"धाकटीकडे जातोय. जावयाने बोलावलं नव्हतं. मीच फोन करून विचारलं, येऊ का?"