ह्यांच्या जागेवर

७ जून १९९३, चिक्कडपल्ली
आले एकदाची हैदराबादला. ईशा रस्ताभर माझ्या मांडीवर झोपली आणि अफझलगंजला बस थांबताच उठून बिस्किट मागू लागली. खोली छान आहे, खाली मिरची-भजीवाला आणि वर आम्ही मायलेकी. लग्नानंतर हे इथे एकटे राहायचे, मी उदगीरला सासरी. शहर पाहायला मिळालं ते ह्यांच्या माघारी. हे नोकरीत असताना गेले म्हणून ह्यांच्या जागी मला घेतलंय. वाईट वाटतं आणि आनंदही होतो.

९ जून
ऑफिसात हजर झाले. टेबल ह्यांचंच आणि खुर्चीही तीच, जिच्यात बसल्या बसल्या हे गेले. शिपाई खाजामियाँ म्हणाले, साब के बाद इस कुर्सी पे कोई नै बैठा मॅडम. हेडक्लार्क हणमंतराव बिदरकडचे, बोलता बोलता तेलुगूत शिरतात. सगळे मला त्रिवेणीबाई म्हणतात. फार बरं वाटलं.

१ जुलै
पहिला पगार हातात पडला आणि तोंडचं पाणी पळालं. ह्यांची स्केल नाही, ठोक पगार. भरती बंद आहे, अनुकंपावाल्यांना आता एवढंच, असं हणमंतराव म्हणाले. भाडं दिल्यावर दूध घ्यावं की भाजी? त्यात मामंजींचं पत्र, झेपत नसेल तर दिवाळीला येऊन पोरीला घेऊन जातो. एकदा गेलेली पोर ते परत देणार नाहीत, हे मी ओळखून आहे.

२० जुलै
स्केल मागणाऱ्यांचे अर्ज फेटाळतात म्हणे. मग मीच डोकं चालवलं. ह्यांची सगळी सेवा माझीच धरावी, मध्ये खंड पडलाच नाही असं मानावं, असा अर्ज केला. हणमंतराव कचरले. असं कुणी मागत नाही बाई, म्हणाले. कुणाची पोर जातेय? माझी. मी सही ठोकली.

१३ ऑगस्ट
सरकारी काम अन् सहा महिने थांब म्हणतात, माझं महिन्याच्या आत झालं. पूर्ण स्केल, फरकासकट. ईशाला फ्रॉक घेतला. मामंजींना कळवलं, पोर इथेच राहील. खाजामियाँनी मात्र चहा बिनसाखरेचा आणला. मी गोड पिते म्हटलं तर गोंधळले, आप तो हमेशा फिक्का पीते साब. वय झालंय त्यांचं.

३० ऑगस्ट
आज डाव्या हाताने सही केली. मी डावरी नाही. हे होते. कुणाला काही वावगं वाटलं नाही. जुने लोक मागच्या सालचं काहीबाही विचारतात आणि मला उत्तरं येतात. कशी येतात?

१६ सप्टेंबर
छातीत कळ. ह्यांनाही आधी अशीच यायची. हणमंतरावांना म्हटलं, अर्ज मागे घेते, मला ठोक पगारच द्या. ते म्हणाले, ती जागा रद्द झाली, आता सोडलंत तर नोकरीच जाईल. मला शिवराजराव म्हणाले. ह्यांच्या नावाने. करायला गेले गणपती अन् झाला मारुती. ह्यांची सगळी सेवा मागितली मी, आणि ती सेवा संपली कुठे, तर ह्याच खुर्चीत—

२७ सप्टेंबर
गाल खरखरीत लागतात. आरशात अजून मीच आहे. डोळे तरी माझेच आहेत.
नोकरी सोडावी तर ईशा जाते. न सोडावी तर—

२१ ऑक्टोबर
भजीवाला ईशाला म्हणाला, अब्बा आ गये तेरे.
ती हसली. धावत येऊन बिलगली. किती भीती वाटली मला. बाबा, आई कुठे गेली, विचारते. मी आहे म्हटलं. आवाज ह्यांचा—

९ नोव्हेंबर
मामंजी आलेत. गळ्यात पडून रडले, शिवराज, शिवराज म्हणत. त्रिवेणी गेल्याचं वाईट झालं म्हणाले. बिनआईच्या पोरीला इथे कोण बघणार, उद्याच्या बसने उदगीरला नेतो—
मीच त्रिवेणी, असं सांगून पाहिलं. दुःखाने डोकं फिरलंय म्हणतात—

१० नोव्हेंबर
तिची पिशवी भरली त्यांनी. फ्रॉक राहिला. मी वेणी घालायला बसलो तर मामंजींनी फणी काढून घेतली, पुरुषाला काय जमतंय ते, म्हणाले. ईशे, थांब, इकडे बघ माझ्याकडे, मी तुझी—