हेल्मरिष मास्तरांची टाच

लाडके गेर्लिंडे, तुला आणि तुझ्या दुखऱ्या गुडघ्यांना थोरलीचे आशीर्वाद.

काल आधी दारात आली एक बाई, हातात आलुबुखारचा केक. आणि तिच्यामागे कोण? हेल्मरिष मास्तर! आपल्या फोल्कमारला नाट्यशाळेतून हाकलताना "हे थोबाड मढ्याच्या कामालाही चालायचं नाही" म्हणाला होता, तोच.

सिनेमात आपला पोरगा तीस वर्षं खुनी नाहीतर चहाडखोर होतोय. प्रत्येकाला त्यानं मास्तराचीच लकब दिलीय. हात पाठीशी, टाचा उचललेल्या, बोलण्याआधी दोनदा नाक ओढायचं. हे सगळ्यांना ठाऊक, फक्त मास्तराला नाही.

केक खाताना तो टाचा उचलून, दोनदा नाक ओढून विचारतो, "काय रे, असला नीच माणूस तुला सापडला कुठं?" माझी कॉफी बशीत सांडली गं!

"सर, तुमच्याच हाताखाली शिकलो," फोल्कमार म्हणाला. मास्तर खूश! म्हणे, माझ्या सत्काराला ये, रंगमंचावर तोच माणूस करून दाखव.

पोरगा माझ्या कानाशी म्हणाला, "जाऊ दे आई, म्हातारा झालाय." हिवाळ्यापासून त्याला काम नाही, खोकतोही फार, म्हणून मऊ पडलाय. मी म्हटलं, "तुला हाकललं त्या दिवसापासून तुझा बाप महिनाभर धड जेवला नव्हता. तू करणार!" झाला कबूल.

तुझ्या कोंबड्या अंडी घालतात ना?

निघताना ती केकवाली मास्तरीणबाई माझा हात दाबून हळूच म्हणाली, "टाच अजून जरा उचलायला सांगा हो त्याला." गुरुवारी तीन वाजता दोघं नवराबायको गाडी घेऊन आम्हाला सत्काराला न्यायला येणार आहेत.

तुझी,
आडेलहाइट