टीव्हीवर न आलेली व्हर्डी

मी, ऑर्लीना स्टिडम, वय ब्याऐंशी, अविवाहित, राहणार क्लिंच खोरे, व्हर्जिनिया, हे लिहून ठेवते. शरीर थकलं आहे, डोकं ठिकाणावर आहे, आणि मला कोणी भरीला घातलेलं नाही. याआधीचं मृत्युपत्र रद्द समजावं.

१. राहतं घर आणि मागचं रान माझ्या धाकट्या बहिणीची, व्हर्डीची, मुलगी ऱ्होडा रॅटलिफ हिला द्यावं. अट काही नाही. हल्ली आमचं बोलणं नाही, पण तिला वाढवलं मीच.

२. व्हर्डीचा बॅन्जो शेजारीण नोला स्लस हिला द्यावा. तिने तो वाजवावा. कोणत्याही संग्रहालयाने क्लीटसच्या नावाची चिठ्ठी लावून तो काचेत ठेवू नये.

३. हा क्लीटस म्हणजे व्हर्डीचा नवरा. ज्या गाण्यांमुळे तो आमच्या डोंगरातल्या संगीताचा जनक म्हणवला गेला, ती सगळी व्हर्डीची. तबकड्यांवर नाव मात्र त्याचं छापलं. तिने आपलं नाव मागितलं, तेव्हा त्याने तिचा डावा हात तापल्या चुलीवर दाबून धरला. बोटं पुन्हा वळली नाहीत. ती गायची थांबली आणि खंगत गेली. ऱ्होडा तेव्हा टेबलाखाली बसली होती.

जुन्या गायकांवर मालिका करायला टीव्हीवाले आले, तेव्हा मी हे सारं सांगितलं. दिग्दर्शिका भली बाई. म्हणाली, घरातल्या आणखी कोणी दुजोरा दिला तर दाखवू. उरली होती ऱ्होडाच. तिने सांगितलं, आईचा हात चुकून भाजला.

मी तिला जाब विचारला. ती म्हणाली, "मावशी, बाप मला एकच होता. टीव्हीवर तरी त्याला चांगला राहू दे."

"आणि तुझ्या आईने कुठे राहायचं?"

ती उठून गेली, ती परत आली नाही.

मालिकेत क्लीटस दिव्याशी बसून गाणी रचतो आणि व्हर्डी अंथरुणातून ऐकते. चर्चमधल्या बायका त्याच्यासाठी रडल्या. मी शेवटपर्यंत पाहिली.

सबब माझा आवाज, फोटो किंवा आठवणी कोणत्याही वाहिनीला देऊ नयेत.

४. मला व्हर्डीशेजारी पुरावं. माझ्या दगडावर माझं नाव नको. एवढंच कोरावं: "शेजारी व्हर्डी स्टिडम आहे. गाणी तिची होती." दफनाची ती जागा बापामागे ऱ्होडाच्या मालकीची झाली आहे, म्हणून तिला विचारावं लागेल. ती नाही म्हणाली तर भांडू नये. मग मला कुठेही पुरा, दगड लावू नका.

या सगळ्याची व्यवस्था नोलाचे यजमान एमेट स्लस यांनी पाहावी.

सही: ऑर्लीना स्टिडम
आमच्यासमोर सही केली: हायरम ब्लेव्हिन्स, ड्रुसिला केसी
क्लिंच खोरे, ९ नोव्हेंबर १९८७