चिमाच्या ताब्याचा निकाल

मांडवी, रत्नागिरी
१२ जून १९८६

न्यायाधीशसाहेबांस,

वकिलांनी बजावलंय, न्यायाधीशांना पत्र पाठवायचं नसतं. नाही पाठवणार.

माझी सात वर्षांची चिमा तुम्ही तिच्या बापाला दिलीत. तो दहा महिने बोटीवर असतो, हे मी शपथेवर सांगितलं होतं. आता ती चिपळूणला आत्याकडे राहते. निकालाची नक्कल आणली, तर त्यात एकच ओळ होती: ‘ताबा वडिलांकडे द्यावा.’

“पण का?” मी कारकुनाला विचारलं.

“बाय, लिहिलंय तेवढंच.”

रविवारी भेटायला गेले, तेव्हा चिमानेही तेच विचारलं. मग तिनेच कारण शोधलं.

“आई, मी तुला नको होते ना?”

साहेब, माझ्याविरुद्ध का होईना, दोन ओळी लिहायच्या होत्यात. त्या तिला वाचून दाखवल्या असत्या.

चिमाची आई,
मालन