खाणारा एक, बघणारा एक

१२ डिसेंबर १९७७, इस्लामपूर

सकाळची विचारपूस उरकली. हिचे गुडघे थंडीनं कुरकुरतात, तिळाचं तेल चोळून दिलं. सूनबाईचा खोकला गेला, आवाज अजून बसलेला. लेकाचं पलटणीतून कार्ड, ‘मजेत आहे’. म्हणजे काही सांगायचं नाही. औषधशाळेतल्या सखूबाईची दाढ ठणकते, लवंग दिली तर म्हणते, “लवंगा तुमच्या औषधाला ऱ्हाऊ द्या, मला उपटणारा बघा.” म्हैस वैरण खाते, रवंथ करते, तिचं बरं आहे.
मला कुणी विचारलं नाही. माझं मीच लिहितो. ठीक. थकवा आहे, तो आता घरचाच झालाय.

सांगलीहून वि. आली. वहीत एवढंच लिहायचं. विजया म्हटलं तर कुणाला कळत नाही, भांग म्हटलं तर लोक दात काढतात. परवान्याच्या दुकानातलं सीलबंद पोतं, दारूबंदी खात्याच्या रजिस्टरात सही ठोकून आणलं. पाला यंदा गडद. वास उग्र. सखूबाई पोतं सोडतानाच म्हणाली, “आण्णा, औंदा माल लय तेज हाय.” म्हटलं, आधी धू. फडक्यात बांधून, पाणी नितळ येईस्तोवर.

१५ डिसें.

जायफळाचं चूर्ण झालं. वि. तुपावर परतताना हात भरून आले. पूर्वी हे काम गात गात व्हायचं.
सकाळी नऊला चाखलं. रोग्याला जेवढं देतो तेवढंच, ताकातून. वैद्यबुवांची रीत आहे: नवा घाणा आधी करणाऱ्यानं खायचा, मग बरणीला चिठ्ठी. चाळीस वर्षं मोडली नाही. बुवा सहा वर्षांपूर्वी वाईला लेकीकडे गेले, औषधशाळा माझ्या गळ्यात पडली. शाळा मी चौथीपर्यंत केली, बाकी सगळं खलबत्त्यानं शिकवलं. दिवाळीपर्यंत बुवा महिन्याला यायचे, रोगी बघायचे, चिठ्ठ्या लिहायचे; आता डोळ्यांनी दगा दिला. बाकी मी.
बारापर्यंत काही जाणवलं नाही. बेताचं. ‘ठीक’ लिहून चिठ्ठी लावली.
दुपारी कुळीथ निवडत होतो, सुपावरच डोळा लागला. हिनं सूप ओढून घेतलं ते कळलंही नाही. वय.

१६ डिसें.

सुभेदार बरणी घेऊन गेला. सोबत बुवांची जुनी चिठ्ठी, ‘दोन चिमूट, सकाळी, ताकातून’. आम्ही एका पंतोजींचा मार खाल्लेले. तो पलटणीत गेला, मी खलबत्त्याशी. पेन्शनीत आला तो पोट घेऊन, खाल्लेलं अंगी लागेना, दिवसातून दहादा परसाकडे. सांगलीच्या मोठ्या दवाखान्यानं हात टेकले. या चूर्णावर गेली चार वर्षं भाकरी पचवतोय.
म्हणाला, “आण्णा, तुझ्या बरणीवर माझी पलटण चालतीया.”
म्हटलं, “पलटण पोटावर चालते म्हणतात ते खरं.”
हसला, मग खोकत बसला. दोघंही म्हातारे दिसतो.

४ जानेवारी ७८

औषध खात्याचे साहेब आले. सांगलीचे, तिशीतले, चष्मा, पायात कॅनव्हासचे बूट, मोटारस्टँडपासून चालत. दुसरा कुणी जीपशिवाय आला नसता. लायसन बघितलं, रजिस्टर बघितलं, वि.चं वजन केलं. जुळलं.
मग विचारलं, “हे चूर्ण बरोबर झालंय, हे कशावरून ठरवता?”
“चाखून.”
“कोण चाखतं?”
“मी.”
हसले नाहीत. म्हणाले, “आण्णा, तुमच्या जिभेची खात्यात नोंद नाही.”
मी म्हटलं, “साहेब, तुमच्या खात्याला जीभ आहे का?”
सखूबाई पदर तोंडाला लावून आत पळाली. साहेबांनी चहा मात्र घेतला. नव्या घाण्याचं सँपल काढलं, तीन पुड्या, तिन्हींना लाख. एक माझ्याकडे, एक त्यांच्याकडे, एक मुंबईला तपासणीला.
जाताना उंबऱ्यात थांबले. “मुंबईला राख बघतील, ओल बघतील. गुंगी किती, याचं माप पुस्तकात नाही. मलाही कळतं ते.” मग बुटाची नाडी बांधत बसले, उगीचच.
माणूस बरा आहे. थकलेला वाटला. एवढ्या वयात.

११ जाने.

सुभेदार गाडीवरून पडला.
कारखान्यावर उसाची गाडी घेऊन निघाला होता. गडी आजारी, म्हणून स्वतः. सकाळी चूर्ण घेतलं, जू जोडलं, आणि वाटेत झोप. बैलांना वाट पाठ, ते वजनकाट्यावर जाऊन रांगेत उभे राहिले, गाडीवर धनी नाही. शोधत मागं आले तर हा ओढ्याच्या उताराला पडलेला, मनगट मोडलेलं, आणि घोरत होता. चाक डोक्यापासून वीतभर अंतरावरून गेल्याची चाकोरी मातीत दिसत होती म्हणे.
वीतभर.

१३ जाने.

बघून आलो. हात झोळीत. वैनी चुलीपुढून म्हणाल्या, “आवं आण्णा, नव्या बरणीपासनं ह्येंचं लय झोपणं वाढलंय. परवा अंघोळीच्या दगडावर झोपले.”
सुभेदार त्यांच्यावर ओरडला. “झोप म्हातारपणाची! औषधाला नावं ठेवू नगंस.” मग माझ्याकडे वळून, हळू आवाजात, “गड्या, भाकरी टिकतीया. बाकी काय बी न्हाई. तू डोस्क्यात घेऊ नगंस.”
मी बरणी मागितली. ती त्यानं उशाखाली सरकवली, लहान पोरासारखी.
जुन्या घाण्याचं थोडं चूर्ण औषधशाळेत शिल्लक होतं, ते आणून दिलं. म्हटलं, हे संपेपर्यंत नव्याला शिवू नको, तुझ्या लेकरांची आण. आण घेतली. बरणी दिली नाहीच.
पण मी चाखलं होतं. मी स्वतः खाल्लं होतं. मग चुकलं कुठं?

२९ जाने., वाई

यष्टीनं साताऱ्यावरून आलो. हाडं खिळखिळी. बुवांना आता दिसत नाही फारसं, घाटाकडच्या खोलीत उन्हाला पाठ देऊन बसतात. आवाजावरून ओळखलं. सगळं सांगितलं. ऐकत राहिले, मग म्हणाले,
“कोणी बघितलं?”
“काय कोणी बघितलं?”
“तू खाल्लंस, तेव्हा तुझ्याकडे कोणी बघितलं?”
“कुणी नाही.”
“अरे, तुला काय वाटलं, तुझ्या जिभेसाठी तुला खायला घालत होतो? तू खायचास आणि मी समोर बसून तुझे डोळे बघायचो. बोलण्यात किती उशीर होतो ते बघायचो. तुला काम सांगायचो, चुका मोजायचो. खाणारा एक आणि बघणारा एक. खाणाऱ्याला काय कळतंय? झोपलेल्याला कधी कळतं का, आपण झोपलो म्हणून?”
“पण तुम्ही कधी बोलला नाहीत.”
“बोललो असतो तर तू सावध बसला असतास.” मग, “जाताना सांगायला हवं होतं. राहिलं. माझी चूक, दत्तू.”
चाळीस वर्षांत पहिल्यांदा ‘माझी चूक’ ऐकलं त्यांच्या तोंडून. त्यापेक्षा शिव्या घातल्या असत्या तर बरं.
आणखी एक म्हणाले, “आणि इतकी वर्षं खाऊन तू कोडगा झालायस. तुला बेताचं ते दुसऱ्याला डोंगर.”

३० जाने.

घरी. हिला सांगितलं. ही भाकरी थापतच म्हणाली,
“मला इचारलं असतं तर मी सांगितलं असतं.”
“काय?”
“घाणा झाला की तुमी दिवसभर नुसतं हूं हूं करता. दोनदा सांगावं तवा एकदा ऐकू जातं. मला वाटायचं, माझ्या बोलण्याला कंटाळलात.”
“मग बोलली का नाहीस?”
“बोलले की. तुमी हूं म्हणालात.”

जुन्या वह्या काढल्या. सहा वर्षांच्या. घाणा झाला त्या तारखा शोधल्या, आणि त्याच दिवशी खाली काय लिहिलंय ते वाचलं. ‘अंग जड.’ ‘डोळे मिटतात.’ ‘पाटावर बसलो तो उठवेना.’ मधल्या दिवसांत असलं काही नाही. थकवा लिहिलाय, पण तो जागेपणीचा. आणि या खेपेला, सुपावर झोप. पुढं एक शब्द, ‘वय’. अक्षर माझंच.
माप तिथंच होतं, माझ्या हातानं लिहिलेलं. मी त्याला म्हातारपण म्हणालो. सुभेदारही तेच म्हणाला.

३१ जाने.

नवा घाणा रोखला. आणखी दोन घरी बरण्या गेल्या होत्या, दोन्ही परत आणल्या. एका घरची म्हातारी म्हणाली, “बरं झालं, त्येनं माझ्या सपनात सासू यायची.” सगळं एका डब्यात घातलं, वर फडकं, फडक्यावर माझीच लाख. सखूबाई बघत होती. म्हणाली, “मी तवाच म्हणाले व्हते, तेज हाय.” होय बाई. म्हणाली होतीस.
सुभेदाराची बरणी तेवढी बाहेर आहे.

१७ फेब्रुवारी

जुनं चूर्ण पुरवून पुरवून वापरतोय. दोन चिमटींची एक केली. सुभेदाराला पुन्हा दिवसातून पाच-सहादा जावं लागतं. गाल आत गेले. परवा पारावर बसला होता, मध्येच उठून गेला, परत आला तो लांब कडेला बसला. माणूस सरहद्दीवर उभा राहिलेला, आणि इथं लोकांसमोर धोतर सावरत पळायची पाळी.
नव्यातलं कमी मापानं द्यावं का? किती कमी? अर्धं? पाव? कोण सांगणार? माझी जीभ बाद झाली. सरकारच्या पुस्तकात माप नाही. बुवांना दिसत नाही.

९ मार्च

शिवरात्र झाली. यंदाही तिघं येऊन गेले, “आण्णा, देवाचं म्हणून चिमूटभर द्या की.” हाकलले. एक जण म्हणाला, “सरकारी शंकर हाय हे.”
दुपारी टपाल. मुंबईचा रिपोर्ट. राख बरोबर. ओल बरोबर. खडा-माती नाही. ‘नमुना प्रमाणित.’ खाली शिक्का.
कागद दोनदा वाचला. हसू आलं नाही.

सुभेदाराला कुठून कळलं कोण जाणे, संध्याकाळी हजर. काठी टेकत. “कागद आला नव्हं? पास झालं नव्हं?”
“पास झालं.”
“मग सोड की लाख!”
“कागदाला झोप येत नाही, सुभेदार.”
तो बसला. काठी आडवी ठेवली. मग म्हणाला, “तू सायबाला सांगणार.”
“हो.”
“लायसन काढून घेत्याल.”
“घेतील कदाचित.”
“मग मी काय खाऊ? त्येचं बी लिव तुझ्या अर्जात. लिव, ह्यो एक म्हातारा हाय, त्याला भाकरी टिकवायची हाय.” आवाज चिरकला त्याचा. मी कधी ऐकला नव्हता तसा.
ही आतून चहा घेऊन आली. त्याच्यापुढं ठेवत म्हणाली, “भावजी, एक इचारू? तुमी खावा आन् ह्यास्नी समोर बसवा. ह्यांनी न्हाई खायचं. बघायचं.”
सुभेदारानं माझ्याकडे बघितलं. “येवढंच व्हय? आरं, मग खातो की मी! नखाएवढ्यापासनं सुरू करू. गाडी जोडत न्हाई, खाटंवरच बसतो. तू बघ.”
म्हटलं, बघायला मला येतं का, तेही बघायला पाहिजे. आणि साहेबांना विचारल्याशिवाय नाही. आता चोरून काही नाही.
चहा पिऊन तो उठला, कमरेच्या धोतरातून नवी बरणी काढली. इतके दिवस जवळच होती. आण पाळलेली, बरणीत तेव्हा होतं तेवढंच शिल्लक. माझ्या हातात दिली. मी ती बाकीच्यांच्या डब्यात ठेवून वर पुन्हा लाख लावली.

१२ मार्च

साहेबांना पत्र टाकलं, नकल इथं ठेवतो.

‘सा. न. वि. वि. आपण सुखरूप असाल, घरची मंडळी बरी असतील. बूट चालण्याला चांगले होते, टिकले असतील. आमच्याकडे हिचे गुडघे तसेच, सूनबाईचा आवाज परत आला, सखूबाईनं दाढ काढली. माझी तब्येत खाली लिहितो, कारण अर्ज तिच्याबद्दलच आहे.
आपण नेलेला नमुना मुंबईत पास झाला. तो पास नाही. कडक आहे. त्याच्यानं एक माणूस गाडीवरून पडला, जीव वीतभरानं वाचला. तपासण्याची पद्धत माझ्या हातून निम्मी राहिली होती. एकट्यानं खाऊन एकट्यानं ठरवत होतो. सहा वर्षांच्या वह्या सोबत बांधून धाडल्या आहेत. घाण्याच्या तारखेखाली माझ्या झोपेची नोंद आहे, आपल्याला काही माप काढता आलं तर पाहावं. त्यात घरगुती मजकूरही आहे, तो वगळावा. आमची ही वाचून रागावेल असं एक-दोन ठिकाणी आहे.
लायसनचं काय करायचं ते आपण ठरवा, मी हरकत घेणार नाही. पण तो माणूस राजीखुशीनं थोड्यापासून घ्यायला तयार आहे आणि मी समोर बसून बघायला. हे कायद्यात बसतं का? बसत नसेल तर कशात बसेल तेवढं सांगा. आपण स्वतः येऊन बघणारे झालात तर सगळ्यात उत्तम. चहा आहेच.
जुनं चूर्ण रामनवमीपर्यंत पुरेल, त्याच्या पुढं नाही. तरी आपल्या सवडीनं नको, त्याच्या पोटाच्या सवडीनं लिहा. दोन ओळी चालतील. पण लवकर.’

पत्र आणि वह्यांचं बोचकं पोस्टात देऊन आलो. वाटेत सुभेदाराच्या अंगणात डोकावलो. खाटेवर बसलेला, जागा. बरीच वर्षं ओळखतो, पण त्याच्याकडे असा नीट बघत उभा राहिलो नव्हतो कधी.
“काय बघतोस रं?” म्हणाला.
“शिकतोय,” म्हटलं.