संथमाळावरची भिंगरी

मंगळवार, कापणीनंतर

चि. भाऊ यास,
ताईचे अनेक आशीर्वाद. खुशाली लिहायला हात धजत नाही, म्हणून थेटच सांगते. आपली भिंगरी संथमाळात शिरली.

तू माळ एकदाच पाहिलास, माझ्या लग्नात. वर आकाशात एक घार खिळल्यासारखी दिसली होती ना? ती अजून तिथेच आहे, पंख जरासे मिटलेत एवढंच. आत एक श्वास घ्यावा तोवर बाहेर वर्षं सरतात, आणि मध्याकडे जावं तसं आणखीच संथ. कडेला पांढरे दगड आहेत, पोरं त्यांच्या अलीकडेच खेळतात. परवा आपलं करडूही अलीकडेच चरत होतं. माळ सरकून दगडांच्याही अलीकडे आलाय, हे कुणाला ठाऊकच नव्हतं रे. करडू उधळलं, माझी पोरगी मागे धावली आणि धावता धावता थांबली.

थांबली म्हणवत नाही. टक लावून पाहिलं की कळतं, उडालेली वेणी खाली येतेय. एक पाय उचललेला, पाठ आमच्याकडे. मी घसा फुटेस्तोवर हाका मारल्या. हाक तिच्या कानी पडेल तेव्हा तू म्हातारी झालेली असशील, असं मेंढपाळ म्हणाला. मी त्याच्या अंगावर धावून गेले.

हे चुनाभट्टी सोडून तिथेच बसून आहेत. माझा माग बंद आहे. धाकटा अंगावर पितो, पण दूध आटलंय. तू दोर वळतोस, काही सुचतं का बघ. तुझा लोभ आहेच, आता तो धावत येऊ दे.
तुझी ताई

शुक्रवार

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि. पत्र वाचलं आणि हातातला पीळ सुटला. मालक म्हणाले, काम अर्धं टाकून गेलास तर परत येऊ नकोस. मी अर्धं टाकलं.

सगळ्यात हलका दोर वळायला घेतलाय, टोकाला फास. तो भिंगरीच्या कमरेत पडला तर ओढून काढू. तोवर तू आत जायचं नाहीस. तुझा स्वभाव मला ठाऊक आहे. दूध उतू जाताना चिमटा न शोधता पातेल्याला हात घालणारी बाई तू! दाजींनाही हेच सांग. तुमच्यापैकी कुणी गेलं तर धाकट्यानं कुणाकडे बघायचं? भिंगरीला म्हणावं, मामा येतोय... काय लिहितोय मी हे.

दोर झाला की निघतोच. जीव धरून राहा, एवढाच लोभ माझ्यावर कर.
तुझा भाऊ

गुरुवार, पहिली थंडी

चि. भाऊ यास,
अनेक आशीर्वाद. तू आलास, दोर फेकलास, आणि तो हवेतच राहिलाय. तू दुसरा वळायला परत गेलास, पण भाऊ, दुसराही तसाच राहील. तो फास रोज डोळ्यांसमोर आ वासून लटकलाय. दरम्यान तिचं पाऊल टेकत आलंय. टेकलं की ती पुढचं उचलेल, आणि त्याच्या पलीकडे गेलेलं कुणी आजवर परतलेलं नाही.

म्हणून मीच जाते. घरात यावरून मोठं भांडण झालं. हे म्हणाले, मी जातो. मी म्हटलं, भट्टीच्या धुरानं तुम्हाला चार पावलांत धाप लागते. मग ते उठून परत माळाकडे गेले. रविवारी जाईन. धाकट्याला शेळीचं दूध पचतं, कोमट करून द्यायचं. तो मोठा होईल तेव्हा त्याला सांग, आईनं तुला टाकलं नव्हतं. समजेल असं सांग, तुला गोड बोलता येतं.

माझ्यामागे ह्यांच्यावर लोभ असू दे. त्यांना कुणी नाही.
ताई

रविवार

ती. ताईस,
शि. सा. न. पत्र मिळाल्यापासून गाडीत बसून आहे, अक्षर हलतंय ते त्यामुळे. पुढचं माळाच्या कडेला उभा राहून लिहितोय. तू धाकट्याला निजवायला घरी गेलीस, असं दाजी म्हणाले. बरं झालं. तुझ्या तोंडावर मला हे जमलं नसतं.

मला बायको नाही, पोर नाही, आणि पळण्यात मी कुणाला हार गेलो नाही. शूरबिर काही नाही ग, भीती वाटतेच. दाजी आधी नको म्हणाले, मग माझं मनगट घट्ट धरून बसले, मग सोडलं. त्यांना बोल लावू नकोस. काय शिव्या घालायच्या त्या माझ्या पाठीला घाल.
तुझा भाऊ

सोमवार, वर्ष विचारून लिहावं लागेल

ती. ताईस,
सा. न. हे वाचून दाखवणाऱ्यानं आधी ताईला बसवावं.

आम्ही बाहेर आलो. दोघंही.

माझ्या लेखी एवढंच झालं: धावलो, तिच्या झग्याचं टोक हाती आलं, उचलली, वळलो. धाप लागायच्या आत बाहेर. समोर पांढऱ्या मिशांचा एक माणूस हात पसरून उभा. मी त्याला दाजी म्हणालो. तो रडायलाच लागला. म्हणाला, मामा, मी धाकटा. माझा भाचा माझ्याहून वीसेक वर्षांनी मोठा!

दाजी गेल्याचं त्यानंच सांगितलं. त्यांच्या मुठीची ऊब माझ्या मनगटावर अजून आहे ग. तुझे गुडघे चालत होते तोवर तू रोज चढून यायचीस, आता तुला दिसतही नाही नीट, हेही सांगितलं. पहिलं वर्षभर माझ्या पाठीशी भांडलीस म्हणे.

भिंगरीला यातलं काही ठाऊक नाही. भावाला परका समजून माझ्यामागे लपते. करडू पुढे निघून गेलं म्हणून रडून झालं. पाय दुखताहेत तिचे, म्हणून आज इथल्या मेंढपाळाच्या झोपडीत थांबून उद्या गाडीनं येतो. तुझ्या मनाची तयारी व्हावी म्हणून हे पत्र पुढे धाडलंय. तिला काय आणि कसं सांगू? माळात शिरताना भ्यालो नव्हतो इतका आज भ्यालोय. तू आधी बोल तिच्याशी. चेहरा नाही, पण आवाज ओळखेल.

आत्ता तिला एकच काळजी आहे. फार उशीर झाला, आई ओरडेल, असं सारखं म्हणतेय. नाही ओरडणार, असा शब्द मी दिलाय.

लोभ इतकी वर्षं सांभाळलास, आणखी एक रात्र सांभाळ.
तुझा भाऊ